एक भाकर कावळ्याची

अकोल्याच्या मुलींच्या शाळेत मी रुजू झाले त्या सकाळी माझं स्वागत केलं ते कावळ्यांनी. फाटकाजवळची भिंत, कौलं, निंबाची फांदी, जिथे म्हणून पाय टेकायला जागा होती तिथे ते बसले होते. कालवा असा चालला होता की मला वाटलं, शाळेत काहीतरी वाईट घडलंय. शाळेची शिपाईण गंगू अंगण झाडत होती, तिला विचारलं. ती मान वर न करता म्हणाली, "काही नाई झालं बाई. येणूबाईची वाट पाहून राह्यले."

मग येणूबाई आल्या. ठेंगण्या, चांगल्या काळ्या, कपाळ मोकळं, अंगावर विटकं निळं लुगडं. हातात फडक्यात बांधलेली ज्वारीची आख्खी भाकर. त्यांनी ती मोडली, तुकडे भिंतीवर मांडले, दोन पावलं मागे सरल्या आणि खाणं संपेपर्यंत उभ्या राहिल्या. मग म्हणाल्या, "झालं न रे? आता गुमान जा. शाळा भरते." आणि देवाशपथ सांगते, कावळे गेले. मी नवी बाई, हातात छत्री घेऊन तशीच उभी. माझ्याकडे बघून त्या हसल्या आणि म्हणाल्या, "तुमी काहून उभ्या हा? तुमचीबी शाळा भरते."

मी अमरावतीची. आमच्या घरी कावळ्याला मान मिळायचा तो कुणी गेलं की, नाहीतर पितृपक्षात. एरवी त्याच्या वाट्याला 'हाड हाड' आणि पापड वाळत घातले असले तर काठी. घासभर अन्न भिंतीवर ठेवणारी माणसं मी पाहिली होती, पण आख्खी भाकर, तीही रोज? ज्वारी काय रस्त्यावर पडली होती?

"रोज एक भाकर उरतेच का हो तुमची?" मी एकदा विचारलं.

"उरत नाई. मी टाकतोच एक जास्तीची." आमच्या वऱ्हाडातल्या बायका 'मी करतो, मी जातो' असंच बोलतात. पुण्याकडून आलेल्या आमच्या मोठ्या बाईंना ते ऐकून अंगावर काटा यायचा.

"मग रात्री खाऊन टाकावी."

"ते माह्या वाट्याची नसते," एवढंच म्हणून त्यांनी फळा पुसायला घेतला. गप्प बसणं माझ्या स्वभावात नाही, पण येणूबाईंपुढे ते आपोआप जमायचं.

मुली त्यांना पाठीमागे 'कावळीबाई' म्हणत. हे मोठ्या बाईंच्या कानावर गेलं तेव्हा त्यांनी दोघी-तिघींना छड्या मारायची तयारी केली. येणूबाईंनी छडी काढून घेतली. "खोटं काय बोलल्या त्या? रंग तोच हाये, गळाबी तोच हाये. आन् कावळी काही वाईट नसते बाई. कोकिळेचं पोट्टं वाढवते ते, कोणी थँक्यू म्हनत नाई तिले." तो इंग्रजी शब्द त्यांनी मोठ्या बाईंकडूनच उचलला होता. मोठ्या बाईंना हसावं की रागवावं कळेना, म्हणून त्या चष्मा पुसत बसल्या.

आता त्यांचं शिकवणं. मी तेव्हा ट्रेनिंगहून ताजी ताजी आलेली, तात्पर्य, सारांश, प्रश्नोत्तरं, सगळं पाठ. येणूबाईंचा एकच प्रश्न असायचा. धडा कुठलाही असो, राजाचा, व्यापाऱ्याचा, लग्नघरचा, शेवटी त्या विचारत, "पोट्ट्याहो, याच्यात कावळा कुठं बसला?"

पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, बाई जरा हलल्यात. धडा होता एका सधन घरच्या लग्नाचा. वाजंत्री, पंगती, जिलब्या, नवरा-नवरीचं कौतुक. त्यात कावळा कुठून येणार? पण मुली पुस्तकात डोकं घालून शोधायला लागल्या. एक बारकी मुलगी उठली. "मागच्या आंगनात, बाई. तिथं एक म्हातारी आत्या भांडे घासून राह्यली. तिचं एकच वाक्य हाये."

"कोणतं?"

"'आलेच,' असं म्हनते ते."

"बस," येणूबाई म्हणाल्या. "आता हे लगन त्या आत्याच्या जागी बसून सांगा मले."

आणि त्या मुलीनं सांगितलं हो. भांड्यांच्या ढिगामागून दिसणारं लग्न. वाजंत्री ऐकू येते, दिसत नाही. जिलबीचा वास येतो, आणि कुणाच्या तरी ध्यानात येऊन आपल्यालाही मिळेल म्हणून आत्या हात धुऊन बसते, मग परत राख घेते. मी दाराबाहेर उभी राहून ऐकत होते. आमच्या अमरावतीच्या घरातली माझी स्वतःची आत्या मला आठवली, आणि तिला माझ्या लग्नात कुठे बसवलं होतं ते मला आठवेना. ट्रेनिंगमध्ये मी पुष्कळ शिकले असेन, पण गोष्ट अशी उलटी करून आतून बघता येते हे मला त्या दिवशी कळलं.

"गोष्टीत कावळा कुठं बसला ते पाहा," त्या म्हणत, "म्हंजे घर कसं हाये ते समजते. बसलेल्या मानसाले घर दिसत नाई. दारातल्याले दिसते."

एकदा डिपुटी साहेब तपासणीला आले. तेव्हा आमचं वऱ्हाड मध्यप्रांताला जोडलेलं, हुकूम नागपूरचे आणि साहेब कुठलेही. हे जबलपूरकडचे होते. मराठी मोडकी, टोपी उंच, आणि चेहऱ्यावर असा आव की मुलींचे पाढे घशातच अडकले. मोठ्या बाईंनी सकाळी सकाळी गंगूला काठी देऊन कावळे हाकलायला उभं केलं होतं. साहेब नेमके येणूबाईंच्या वर्गात शिरले आणि म्हणाले, "आप लोग कहानी में कौआ ढूँढते हैं, ऐसा सुना है. तो बताओ, इस कमरे में कौआ कौन?"

मोठ्या बाईंच्या हातातला पंखा थांबला. पुढच्या ओळीतली शांता उभी राहिली. माळ्याची पोर, तोंडाने फटकळ. ती म्हणाली, "तुमी हा साहेब."

"मैं?"

"तुमी आले तं आमी सगळ्या गप झालो. कोनी तुमच्याशी बोललं नाई. तुमच्यासाठी खुर्ची आनली, पन तुमच्या बाजूले कोनी बसलं नाई."

आता नोकऱ्या जातात, मी मनात म्हटलं. साहेबांनी टोपी काढून खिडकीत ठेवली, खुर्ची सरकवली आणि मुलींच्या ओळीत, सतरंजीवर, मांडी घालून बसले. "सही बात है बेटी. यहाँ तो मैं ही कौआ हूँ." आणि तासभर ते गोष्टी ऐकत बसले. जाताना मोठ्या बाईंना एवढंच म्हणाले, "इन बाई को छेड़ना मत." त्या दिवसापासून शाळेतली कावळ्यांवरची काठी गेली.

पण सगळं असं गोड नव्हतं. संक्रांतीला मोठ्या बाईंच्या घरी हळदीकुंकू असे. आम्हा सगळ्यांना बोलावणं, येणूबाई सोडून. विधवेला कोण बोलावतं? त्या मात्र दर वर्षी दुपारी टोपली घेऊन मोठ्या बाईंच्या उंबऱ्याशी जात. येणूबाईंचं माहेर मोर्शीचं, माळ्याचं, हात फुलांत वाढलेले. आम्हा सगळ्यांसाठी शेवंतीच्या वेण्या गुंफलेल्या असत. टोपली उंबऱ्यावर ठेवायच्या आणि परत फिरायच्या. एका वर्षी मला राहवलं नाही. मी त्यांच्या मागे रस्त्यावर धावले आणि भांडले. म्हटलं, तुम्हाला मानापमान आहे की नाही?

"हाये न," त्या म्हणाल्या. "पन वेणी काहून सुकू द्याची? आन् हे पाहा मालूबाई, कावळ्याले वर्षभर कोनी बलावत नाई. मंग पंधरा दिवस असे येतेत का सारं गाव ताट वाढून हात जोडून उभं राह्यते, बाबा ये, बाबा ये. आपुन थांबाचं."

हे त्या गमतीनं म्हणाल्या होत्या. पुढे ते असं खरं होणार आहे हे त्यांनाही माहीत नव्हतं, मला तर नव्हतंच.

दर शनिवारी शाळा सुटायच्या आधी त्या मुलींना एक स्वतःची गोष्ट सांगत. एक होती कावळी. तिचं पिल्लू राघूच्या वाड्यात राहिलं. राघूंनी पिल्लाला सांगितलं, तुझी माय मेली. पिल्लू हिरव्या घरात वाढलं, पेरू खायला शिकलं. एक दिवस कावळी हिय्या करून राघूच्या दारात गेली आणि दार वाजवलं. आतून आवाज आला, "कोण हाये?"

इथे गोष्ट थांबायची. मुली ओरडायच्या, "मंग? मंग काय झालं?" येणूबाई म्हणायच्या, "मंग पुढच्या शनिवारी." पुढच्या शनिवारी राघूच्या घरातल्या नव्या गमती असत, कावळीच्या उडण्याच्या वाटा असत, पण गोष्ट पुन्हा त्या दाराशी येऊन 'कोण हाये' वर उभी राही. मुली चौथीतून बाहेर पडल्या तरी त्यांना पुढचं कळलं नाही.

मला ते कळलं त्यांच्या भावाकडून. हिवाळ्यात तो मोर्शीहून संत्र्यांची टोपली घेऊन शाळेत आला. साधा, भला माणूस. येणूबाई वर्गात होत्या, म्हणून माझ्याशी बोलत बसला. "तुमी तरी समजवा बाई. आमच्यात पाट लागते, बाईले दुसरं घर करता येते. चांगलं स्थळ हाये, मळा हाये, विहीर हाये. हे आयकत नाई. म्हनते, माहं एक काम राह्यलं."

"कसलं काम?"

मग त्याने सांगितलं. बार्शीटाकळीला दिलेली. पोरगी रांगत होती तेव्हा नवरा तापानं गेला. सासू म्हणाली, पांढऱ्या पायाची आहे, हिला बाहेर काढा. पोरगी मात्र ठेवून घेतली, मुलाची निशाणी म्हणून. येणू माहेरी आली, रडून रडून शिकली, मास्तरीण झाली. एकदा पोरीला बघायला बार्शीटाकळीला गेली. दार वाजवलं. आतून सासूनं विचारलं, "कोण हाये?" हिने नाव सांगितलं. दार उघडलंच नाही. पोरीला सांगून ठेवलंय की माय मेली. पोरीचं नाव पारू.

त्या संध्याकाळी मी येणूबाईंच्या खोलीवर गेले. जुन्या शहरात, चाफ्याच्या झाडामागे एक खोली होती त्यांची. त्या भाकरी थापत होत्या. स्वतःची झाल्यावर त्यांनी आणखी एक थापली, भाजली, आणि टोपल्यात वेगळी झाकून ठेवली. मी बघत होते ते त्यांनी बघितलं.

"भावानं सांगतलं वाटते," त्या म्हणाल्या. "आली कधी तं उपाशी कशी ठेवू? नाई आली तं सकाळी कावळ्याले. ते खाते तं वाटते, कोनाच्या तरी पोटात गेली." मग दाराकडे हात केला. "पाहा, दाराले कडी नाई. काढून टाकली म्या."

मी ती भाकर बघत राहिले. इतकी वर्षं रोज संध्याकाळी त्या बाईने आशा भाजली होती आणि रोज सकाळी ती मोडून कावळ्यांना घातली होती, आणि वर्गात तोंड हसरं. आपलं मन एवढं मोठं कधी होईल का, असं मला तेव्हा वाटलं. आजही वाटतं.

आणि मग तो दिवस आला. दुपारची सुट्टी नुकतीच संपली होती. फाटकाशी एक दमणी येऊन थांबली. बैल फेसाळलेले. त्यातून एक तरुण माणूस उतरला, डोकं आणि मिशा नुकत्याच भादरलेल्या. तो येणूबाईंचा धाकटा दीर, नामदेव. वर्गाच्या दारात उभा राहून तो म्हणाला, "वयनी, माय गेली. आज दहावा हाये. पिंडाले कावळा शिवून नाई राह्यला. चाला."

येणूबाईंच्या हातात खडू होता. त्यांनी एकदा त्याच्याकडे पाहिलं. "गनित चालू हाये. पायरीवर बसा, पानी प्या."

आणि त्यांनी ते गणित पूर्ण केलं. आवाजात तीळभर फरक नाही. मी शेजारच्या वर्गातून बघत होते. गणित संपल्यावर त्यांनी फळा पुसला, हात धुतले आणि मोठ्या बाईंकडे जाऊन रजा मागितली. मोठ्या बाई, त्याच ज्या हळदीकुंकवाला त्यांना बोलावत नसत, एकदम उठून उभ्या राहिल्या. "जा हो, जा. मालूबाई, तुम्हीही जा बरोबर. एकटं नको पाठवायला त्यांना."

वाटेत नामदेवाने सगळं सांगितलं. सकाळपासून नदीवर पिंड मांडलेत. कावळे बाभळीवर बसलेत, बघतात, खाली येत नाहीत. थोरल्या भावाने, गणपतने, सगळी वचनं दिली. आई, शेत वाटणार नाही. आई, पारूचं लगन थाटात करू. बहिणींना दिवाळीला आणू. नाही म्हणजे नाही. भटजी म्हणाले, दर्भाचा कावळा करून शिववू आणि मोकळे होऊ. तेवढ्यात म्हातारीची धाकटी बहीण, मावशी, आडवी बसली. ती म्हणाली, "माही बहीन मरताना 'येणूले बलावा, येणूले बलावा' म्हनत होती. तुमी कानावर हात ठेवले. गवताच्या कावळ्यानं तिले काहून फसवता?"

येणूबाई फडक्यात बांधलेली भाकर मांडीवर घेऊन बसल्या होत्या. सकाळी कावळ्यांना घातली नव्हती का, मला आठवत नाही. की ती दुपारच्या जेवणातली होती? माझ्या डोळ्यांपुढे मात्र ते फडकं आहे.

नदीवर पोचलो तेव्हा उन्हं कलली होती. माणसं भुकेने आणि उन्हाने करपलेली. बाया एका बाजूला, पदर तोंडाला लावून. वाळूवर पिंड, आणि बाभळीवर कावळे. येणूबाई उतरल्या तशी गर्दी फाकली. ज्या बाईला सगळ्यांनी मिळून बाहेर काढलं तिच्यासाठी सगळं गाव हात जोडून उभं होतं. गणपत पुढे आला. मोठा आडदांड माणूस, पण आवाज गेलेला.

"येणूबाई, येवढं म्हना का माहा काही राग नाई. मायले सुटू द्या."

"राग हाये," येणूबाई म्हणाल्या.

सगळे गार. मावशीसुद्धा.

"खोटं काहून बोलू मी, मेल्या मानसापुढं? तुमी मागं सरका सारे."

माणसं सरकली. येणूबाई पिंडांपुढे बसल्या, शेजारणीशी बोलावं तशा. "आत्याबाई, मी येणू. तुमी मले दारातून परत लावलं. माहं लेकरू ठेवून घेतलं, आन् तिले सांगतलं का मी मेली. त्याचा राग माह्या मनात हाये, आन् राहीन. पन ते पोरगी मले तिकडं उभी दिसून राह्यली. केस धुतलेले हायेत, अंग भरलेलं हाये. तुमी तिले उपाशी नाई ठेवलं. तेबी खरं हाये. दोन्ही खरं हाये, आत्याबाई. आता तुमी जा. माहं-तुमचं मी पाहातो."

आणि त्या उठून बाजूला झाल्या. बाभळीवरून एक कावळा खाली आला. दोन उड्या मारल्या, मान वाकडी केली, आणि पिंडात चोच घातली. मागून बाकीचे आले.

आता कुणी म्हणेल, गर्दी मागे सरली म्हणून आला. कुणी म्हणेल, दिवसभराचा भुकेला होता. म्हणा बापडे, मी भांडणार नाही. मी तिथे होते आणि माझ्या अंगावर शहारे आले होते, एवढं मला ठाऊक.

आणि माणसांची जात बघा. कावळा शिवल्याबरोबर सगळ्यांच्या जिवात जीव आला, आणि जो तो आंघोळीला पळाला. कुणी कपडे गोळा करतंय, कुणी 'स्वैपाक झाला का' विचारतंय. मघाशी जिच्यापुढे हात जोडले होते ती बाई वाळूत एकटी उभी, आणि तिच्याकडे बघायला कुणाला सवड नाही. पितृपक्ष संपला की कावळ्याला कोण विचारतो?

ती पोरगी मात्र हलली नाही. बाया निघाल्या तरी उभीच. बारा-तेरा वर्षांची, येणूबाईंच्याच रंगाची, त्यांच्याच बांध्याची. तिने मावशीला विचारलं, "हे कोन हाये, आजी?"

येणूबाईच पुढे झाल्या, पण तिच्या अंगाला हात लावला नाही. मध्ये हातभर जागा ठेवून उभ्या राहिल्या. "मी येणू. तुही माय. मेली म्हनून सांगतलं तुले, ते खोटं हाये. मी अकोल्याले राहातो, जुन्या शहरात, चाफ्याच्या झाडामागं. शाळेतल्या कोनालेबी इचार. माह्या दाराले कडी नाई." मग म्हणाल्या, "तुले वाटलं तं ये. नाई वाटलं तं नको येऊ. मी हाये, येवढं तुले माहीत असू दे."

आणि वळून दमणीत येऊन बसल्या. पोरगी बघत राहिली. मला वाटलं ती धावेल. नाही धावली.

परतीच्या वाटेवर मी रडत होते आणि भांडत होते, दोन्ही एकदम. "तुमची पोर आहे हो. आज मागितली असती तर कुणाची छाती होती नाही म्हणायची? उद्या तिचं लग्न लावून देतील. मग?"

"मागतली असती तं देली असती त्याहिनं," त्या म्हणाल्या. "पन ते काय पिंड हाये का मालूबाई, कावळ्याच्या बदल्यात द्याले? ओढून आनली तं ते तिथली राहात नाई, इथलीबी होत नाई. दोन्हीकडून दारात. तसं जगनं मले माहीत हाये. माह्या लेकीले नाई कराचं मले कावळा." आणि इतक्या वेळानंतर त्यांनी पदर डोळ्यांना लावला आणि शहर येईपर्यंत काढला नाही. मी त्यांचा हात धरून बसले.

मग वाट बघणं सुरू झालं. पूर्वीचं वाट बघणं निराळं होतं, त्याला धार नव्हती. आता मी सकाळी फाटकाशी आधी त्यांच्या हाताकडे बघायची. भाकर असायची. रोज असायची. कावळे खायचे, म्हणजे पारू आदल्या रात्रीही आली नव्हती. कापसाचा हंगाम आला, गाड्यांची रीघ लागली. बार्शीटाकळीहून बातमी आली की पारूसाठी अकोटचं स्थळ बघताहेत. मी धास्तावून सांगायला गेले. येणूबाई म्हणाल्या, "हो का?" आणि भाकर थापत राहिल्या. माझ्यासमोर त्यांनी ती भाजली, पापुद्रा चांगला सुटेपर्यंत, आणि झाकून ठेवली. त्या झाकणावर त्यांचा हात जरा जास्त वेळ राहिला.

पुढे माझी अमरावतीला बदली झाली. नंतरही येणूबाई मला भेटल्या, लग्नाकार्यात, कधी स्टेशनावर. पण त्यांचं दर्शन म्हणून मी मनात जपलं आहे ते त्या अकोल्याच्याच एका शनिवारचं.

त्या दिवशी मी जरा उशिरा पोचले. कावळ्यांनी शाळा डोक्यावर घेतली होती. भिंतीवर, कौलांवर, खिडक्यांच्या गजांवर, नुसता आकांत. मोठ्या बाई कानांवर हात ठेवून व्हरांड्यात उभ्या. "मालूबाई, जाऊन सांगा हो त्यांना. घालून टाका म्हणावं त्या मेल्यांना काय ते. आज विसरल्या वाटतं."

मी त्यांच्या वर्गाशी गेले. आत गोष्ट चालू होती, म्हणून दारातच थांबले. कावळी राघूच्या दारातून परत आली होती, आपल्या झाडावर राहत होती, दिवस गेले होते. हा भाग मी कधी ऐकला नव्हता.

"मंग एका सांजीले," येणूबाई सांगत होत्या, "कावळीच्याच दारात कोनी येऊन उभं राह्यलं. आता कावळीनं आतून इचारलं, कोण हाये?"

आता त्या 'पुढच्या शनिवारी' म्हणणार, हे सगळ्यांना माहीत होतं.

"बाहेरून आवाज आला, मी हाये माय."

"मंग?" शांता ओरडली. "मंग काय झालं बाई?"

"मंग काय होते? कडी नव्हतीच. पोट्टी आत आली. कावळी म्हनाली, पाय धू, भाकर थंडी झाली."

मागच्या ओळीत, दाराच्या अगदी जवळ, एक नवी मुलगी बसली होती. मांडीवर कोरी पाटी. काळी, ठेंगणी, केस घट्ट विंचरलेले. ती खाली मान घालून पाटीच्या लाकडावर नख फिरवत होती. अकोटच्या स्थळाचं बोलणं निघाल्यावर तिने अन्न सोडलं होतं म्हणे, आणि नामदेव काकाच आदल्या संध्याकाळी तिला दमणीतून चाफ्याच्या झाडापर्यंत सोडून गेला होता. हे मला मागाहून कळलं. त्या क्षणी मला फक्त ती दिसली.

येणूबाईंनी मला बघितलं. "काय म्हनता मालूबाई?"

"कावळे ओरडताहेत," मी कसंबसं म्हटलं. "मोठ्या बाई म्हणतात, भाकरी..."

एवढ्या वर्षांत त्यांचा चेहरा मी असा पाहिला नव्हता.

"आज उरली नाई," त्या म्हणाल्या.

मी बाहेर आले. डोळे पुसले, माझा डबा उघडला, त्यातली पोळी काढली आणि तुकडे करून भिंतीवर मांडले.